अंदाजाचं मीठ

आमच्या नागपूरच्या घरी कॅसरोल म्हणजे पोळ्या गरम ठेवायचा डबा. अमेरिकेत आल्यावर कळलं की इथे त्या नावाखाली काहीही खपतं. काचेच्या मोठ्या भांड्यात सापडेल ते भरायचं, वरून चीज पसरायचं, ओव्हनमध्ये ढकलायचं आणि भांडं तसंच टेबलाच्या मध्ये आणून ठेवायचं. ज्याला हवं त्याने हवं तेवढं वाढून घ्यावं. लॉरेटाबाईंचं कॅसरोल बीफच्या खिम्याचं आणि हॉमिनीचं. हॉमिनी म्हणजे चुन्याच्या पाण्यात शिजवून साल काढलेला टपोरा मका. तो डब्यात मिळतो, खारवलेल्या पाण्यात. आणि नोव्हेंबरातल्या त्या रविवारी ते कॅसरोल मी करत होते. मी, देवयानी, जिने उभ्या जन्मात अंडंसुद्धा खाल्लेलं नाही.

लॉरेटाबाई माझ्या घरमालकीण, वय ब्याऐंशी. स्टेट कॉलेज नावाच्या या गावात पीएचडीला आले तेव्हा पहिलं वर्ष मी तीन मुलींबरोबर अपार्टमेंटमध्ये काढलं आणि बाथरूमचं ड्रेन कोणाच्या केसांनी तुंबलं यावर रोज भांडले. मग यांच्या घराची वरची खोली मिळाली. तोंडावर मी त्यांना नुसतं लॉरेटा म्हणते, कारण तशी ताकीद आहे. मनात मात्र बाई लागतंच, वयाचा मान आपल्या जिभेतून जात नाही.

सप्टेंबरात त्या शेगडीवर भांडं ठेवून विसरल्या. ऑक्टोबरात ओळखीच्या रस्त्यावर गाडी थांबवून अर्धा तास बसून राहिल्या. मग अंगणाच्या पायरीवरून घसरल्या आणि उजवं मनगट प्लास्टरमध्ये गेलं. त्यांचा मुलगा रसेल दीड तासावर हॅरिसबर्गला असतो. त्याने वृद्धाश्रमाचा अर्ज भरून ठेवला, फक्त आईची सही बाकी. मायलेकांची फोनवर तासभर जुंपली आणि शेवटी असं ठरलं की रविवारी पाच वाजता तो जेवायला येईल आणि आई नेहमीचं कॅसरोल करेल. "हात देवयानीचे चालतील," तो म्हणाला, "डोकं तुझं पाहिजे." सगळं नीट झालं तर वसंतापर्यंत तो अर्जाचं नाव काढणार नव्हता. नाही झालं तर सही.

ते घर जाऊ नये असं मला मनापासून वाटत होतं. त्यांच्यासाठी, आणि खोटं कशाला बोलू, माझ्यासाठीही. पुन्हा कोणाचे केस काढायची माझी तयारी नव्हती.

साडेतीनला आम्ही कामाला लागलो. लॉरेटाबाई खुर्चीवर बसून हुकूम सोडत होत्या आणि मी लांब दांड्याचा लाकडी चमचा जमेल तितका लांब धरून खिमा परतत होते. वास सोसत नव्हता. पण लॉरेटाबाई त्या दिवशी छान होत्या. कांदा कधी, ढोबळी मिरची कधी, सुटलेली चरबी सिंकमध्ये न ओतता रिकाम्या डब्यात कशी काढायची, सगळं बिनचूक सांगत होत्या.

"तू चाखणार नाहीस," त्या म्हणाल्या. "आणि गेल्या हिवाळ्यातल्या तापापासून मला चव कळत नाही. मजाच आहे."

"आमच्याकडे देवाचा स्वयंपाक न चाखताच करतात," मी सांगितलं. भाद्रपदात आमच्या घरी महालक्ष्म्या बसतात. सोळा भाज्या, पुरण, कटाची आमटी, आंबील, आणि नैवेद्य दाखवेपर्यंत कोणी जिभेला थेंब लावायचा नाही. आईचं मीठ अंदाजाने पडतं आणि कधी चुकत नाही. हे सांगताना मी जरा जास्तच फुशारले.

लॉरेटाबाईंना ते फार आवडलं. "मग हेही तसंच," त्या म्हणाल्या. "मीठ मात्र मी घालणार." उठून डाव्या हाताने त्यांनी दोन छोटे चमचे मीठ खिम्यात घातलं. मी समोर उभी होते. मी पाहिलं.

मग मला तळघरातून हॉमिनीचे दोन डबे आणायला पाठवलं. तिथला दिवा लागेना, म्हणून फोनच्या उजेडात डबे शोधले. वर आले तर लॉरेटाबाई शेगडीपाशी उभ्या आणि डाव्या हातात मिठाचा डबा.

"परत घातलंत?" मी विचारलं.

"परत म्हणजे?"

"मघाशी घातलं होतं ना. दोन चमचे."

"मघाशी मी बसले होते." त्यांचा आवाज चढला. "छप्पन्न वर्षं करते आहे मी हे. मीठ एकदाच पडतं आणि ते आत्ता पडलं."

मी मक्याचे डबे उघडायला घेतले. ब्याऐंशी वर्षांच्या बाईला तिच्याच स्वयंपाकघरात तुमचं चुकलं म्हणायला जे काळीज लागतं ते माझ्याकडे नाही. शिवाय माझ्या मनात आलं की दुसऱ्यांदा दोन चमचे पडलेच असतील कशावरून? अर्धा पडला असेल, किंवा नुसताच डबा उचलला असेल. मका आणि टोमॅटो मिसळले, भांडं ओव्हनमध्ये गेलं. चीज शेवटच्या दहा मिनिटांत घालायचं होतं. चार वाजले होते. लॉरेटाबाई ब्लाउज बदलायला आणि केस नीट करायला आत गेल्या. एका हाताने त्यांना त्यात पाऊण तास लागतो.

मी ओव्हनच्या काचेतून बघत बसले. आईला विचारावं तर नागपुरात रात्रीचे अडीच. तिचं एक वाक्य तेवढं आठवलं, "मीठ जास्त झालं तर देव बोलत नाही, पाहुणे बोलतात." इथे पाहुणा अर्ज घेऊन येत होता.

मी यशला फोन लावला. यश पुण्याचा, माझ्याच लॅबमधला, चालतं फिरतं ते सगळं खाणारा.

"यश, पटकन ये. एक घास चाखायचाय, बीफ आहे."

"तू बीफ बनवतेयस? आर यू ओके?"

"नंतर सांगते. ये."

"यार, मी लॅबमध्ये आहे, रन चालू आहे. आणि संडेला बस अर्ध्या तासाने असते. साडेपाचपर्यंत पोचतो."

"पाचला माणूस येतोय."

"मग तूच टेस्ट कर ना. एक चमचा यार, काय होतंय?"

मी फोन ठेवला. काय होतंय म्हणणाऱ्यांचा मला मनस्वी राग येतो. ज्याचं काहीच जात नाही त्याला तसं म्हणायला काय जातंय? शेजारचं दार वाजवलं, तर ते घर कुलूप लावून गावाला गेलेलं.

सव्वाचारला मी भांडं बाहेर काढलं. आधी चलाखी केली. मक्याचा एकच दाणा उचलला, नळाखाली धुतला आणि खाल्ला. धुतलेल्या मक्याला धुतलेल्या मक्याचीच चव आली. मग मी आतल्या खोलीच्या दाराकडे पाहिलं. लॉरेटाबाई गुणगुणत होत्या. त्यांना वाटत होतं की सगळं छान चाललंय.

चमचाभर घेऊन तोंडात घातलं आणि लगेच सिंकमध्ये थुंकले. खारट म्हणजे खारट नव्हे, नुसतं मीठच. रसेलने पहिल्या घासाला पाण्याचा ग्लास उचलला असता आणि दुसऱ्या हाताने पेन काढलं असतं. मी चूळ भरली आणि तळघरात धावले. हॉमिनीचे आणखी दोन डबे, बिनमिठाच्या टोमॅटोचा एक. मका तीनदा धुतला, खळाखळा, आणि सगळं भांड्यात ढवळलं. भांडं काठोकाठ भरलं. परत ओव्हन. दहा मिनिटांनी परत चाखलं. अजून जास्तच होतं. थोडी साखर घातली, एक बटाटा किसून घातला. तिसऱ्यांदा चाखलं आणि या वेळी गिळलं, कारण मीठ बरोबर आहे की नाही ते घशाखाली उतरल्याशिवाय नीट समजत नाही. बरोबर होतं. मला रडू आलं. पण चीज पसरायचं होतं, म्हणून रडणं राहून गेलं.

रसेल पाचला पाच मिनिटं कमी असतानाच आला. साठीला टेकलेला, उंच, थकलेला माणूस. वाईट नाही. कोटाच्या आतल्या खिशातून लिफाफ्याचं टोक दिसत होतं. लॉरेटाबाई निळा ब्लाउज घालून टेबलाच्या टोकाला बसल्या. भांडं मध्ये ठेवलं. माझ्या पानात पाव आणि सॅलड.

तो सहज विचारतोय असं दाखवून विचारत होता. मनगटाची पुढची तारीख कधी? गुरुवार, साडेदहा. घर तापवायची भट्टी तपासायला माणूस आला का? मंगळवारी आला. लॉरेटाबाईंनी एकही उत्तर चुकवलं नाही. मी पावाचा एकच तुकडा चघळत होते.

मग त्याने वाढून घेतलं आणि घास खाल्ला. आम्ही दोघी त्याच्या तोंडाकडे बघत होतो.

"अगदी तेच," तो म्हणाला. आवाज जरा ओला झाला होता. "मी दहा वर्षांचा होतो तेव्हाचं." त्याने दुसऱ्यांदा वाढून घेतलं, तिसऱ्यांदाही. मग खिशातला लिफाफा आणखी आत सारला. "ठीक आहे, मॉम. वसंतात बघू."

लॉरेटाबाईंचा चेहरा उजळला. "आणि हिने ते न चाखता केलंय," त्या अभिमानाने म्हणाल्या. "यांच्याकडे देवासाठी असंच करतात. हो ना गं?"

"हो," मी म्हणाले.

माझा चेहरा खोटं बोलायला कधीच उपयोगी पडलेला नाही. त्या माझ्याकडे बघत राहिल्या. रसेल आपला हसत चमच्याने भांडं उकरत होता. "या वेळी मका पुष्कळ घातलास, मॉम. पूर्वी भांडं अर्धंच भरायचं."

"दोन डबे," लॉरेटाबाई म्हणाल्या. "नेहमी दोनच." आणि त्यांनी भांड्याकडे पाहिलं. तिघांचं जेवण होत आलं तरी ते निम्म्याच्या वर भरलेलं होतं, आणि त्यातल्या एकीने तर हातही लावला नव्हता. त्या उठल्या. सिंकखालच्या टोपलीचं झाकण उघडल्याचा आवाज आला, मग हॉमिनीच्या डब्यावर डबा आपटल्याचा. एक, दोन, तीन, चार. मी त्यांना मोजताना ऐकत होते आणि काही करू शकत नव्हते.

त्या परत येऊन बसल्या. "मीठ मी दोनदा घातलं होतं," त्या मला म्हणाल्या. तो प्रश्न नव्हता. "किती वेळा चाखलंस?"

मी पावाचा तुकडा पानात ठेवला.

"देवयानी."

"तीनदा."

"गिळलंस?"

"शेवटचं."

रसेलला काहीच कळत नव्हतं. त्यांनी त्याला सगळं सांगितलं, सावकाश, एकही गोष्ट न गाळता. तळघर, मिठाचा डबा, मला कसं झापलं तेही. नंतर प्लास्टरमधला हात टेबलावर ठेवून त्या म्हणाल्या, "तो अर्ज काढ."

"मॉम, कॅसरोल चांगलं झालंय. वसंतात बघू म्हटलं ना."

"वसंतापर्यंत माझ्या चुका झाकायला ही पोरगी काय काय गिळेल, कोण जाणे. पेन दे."

मला त्यांचा भयंकर राग आला. जे मी आईलासुद्धा कधी सांगू शकणार नाही, ते मी या घरासाठी केलं होतं, आणि या बाईने ते एका वाक्यात मातीत घातलं. "तुम्हाला काय गरज होती सांगायची?" मी म्हणाले. "झालं होतं ना सगळं."

"तुझं झालं होतं," त्या म्हणाल्या. "माझं नाही."

रसेलने भांडं बाजूला सरकवून कागद त्यांच्यासमोर ठेवला. डाव्या हाताने सही करायला त्यांना फार वेळ लागला. मी आणि रसेल बघत बसलो. कागद सरकत होता, तरी तो धरायला दोघांपैकी कोणीही हात पुढे केला नाही.