माझा काटा खाली आला तेव्हा

मित्रांनो, मी एक जुना आणि खरं सांगायचं तर संशयी प्रकाशमापक आहे. तळहातावर मावतो. उजेडासमोर धरलं की माझा काटा आपोआप हलतो आणि किती उजेड आहे ते सांगतो.

डच छायालेखक वीब्रन नाउता यांच्या कोटाच्या खिशात माझी उभी हयात गेली. त्यांची रीत ठरलेली. दिवसा दिवा लावायचा नाही. एका बाजूच्या खिडकीतून येणाऱ्या करड्या उजेडात माणसाचा अर्धा चेहरा दाखवायचा, उरलेला अर्धा प्रेक्षकांवर सोडायचा. कालव्यातले नावाडी, बाजारातल्या मासेवाल्या, सगळे त्यांनी असेच टिपले. लोक वाहवा करायचे. माझं नाव कुणी घेतलं नाही, पण ते असो.

मग हार्लिंगन गावात, एका अरुंद गल्लीतल्या घरात सिनेमाचं चित्रण सुरू झालं आणि चौथ्या दिवशी माझा काटा धपकन खाली. आभाळ कालचंच, खिडकी कालचीच, उजेड मात्र निम्मा.

"तुझं यंत्र म्हातारं झालंय, वीब्रन," दिग्दर्शिका हेडविख म्हणाली. "दुपारपर्यंत जमलं नाही तर दिव्यांची गाडी मागवते. दिवे लावणारा छायालेखकही येईल सोबत."

"मग मी काय करू?"

"तेच मी तुला विचारतेय."

मला एकेकाचा संशय यायला लागला. हेडविखनेच तर काही केलं नसेल? तेवढ्यात वीब्रननी मला कानाशी धरून खुळखुळवलं. म्हणजे त्यांना माझाच संशय होता. फार लागलं मला ते.

शेवटी त्यांनी खिडकीतून मान बाहेर काढली. समोरच्या घराच्या पांढऱ्या भिंतीवर पडून परतणारा उजेड आमच्या खोलीत यायचा. ऊन नसतानाही त्या भिंतीवर आज भलामोठा नारिंगी कापडी छज्जा उतरला होता.

वीब्रन मला घेऊन तडक समोर गेले. घराच्या मालकीण सीत्स्केबाईंनी कॉफी दिली, एकच बिस्किट दिलं आणि डबा बंद केला.

"तुमची माणसं माझ्या घरात डोकावतात," त्या म्हणाल्या.

"मग पडदा ओढायचा ना."

"दिवसाढवळ्या पडदा? गल्लीला वाटेल, सीत्स्के काहीतरी लपवतेय. त्यापेक्षा छज्जा बरा."

"अहो, आमचा कॅमेरा तुमच्याकडे बघतच नाही."

बाईंचा चेहरा पडला. "म्हणजे मी दिसत नाही? मग रोज खिडकीतली फुलं बदलत होते ती कुणासाठी?"

छज्जा वर गेला, माझा काटाही वर गेला. दिवे न लावता चित्रण पार पडलं. हेडविखने ते पाहिलं आणि गाडी मागवायचं नाव काढलं नाही.

दुसऱ्या दिवशी मी ऐटीत खिशात शिरलो, तर तिथे एक चकचकीत नवा मापक आधीच बसलेला. त्या दिवसापासून वीब्रन आधी मला विचारायचे, मग हळूच त्याला. आम्ही दोघंही प्रत्येक वेळी एकच आकडा सांगायचो. तरी विचारणं थांबलं नाही.

मित्रांनो, जुन्या वस्तूवर खुशाल शंका घ्या, तिला तपासा. पण ती खरी ठरली ना, की मग तिच्यादेखत दुसऱ्याला विचारू नका.