तीन पुकारे

"नुसतं 'अण्णासाहेब' म्हण. एवढंच. त्यानं तुझं तोंड काय झिजणाराय?" कोर्टाचे नाझर दिनकरराव आश्रुबाच्या कानाशी पुटपुटले आणि कुणी ऐकलं तर नाही ना, म्हणून त्यांनी व्हरांड्याच्या दोन्ही टोकांना पाहून घेतलं.

आश्रुबानं हातातला कागद पुन्हा वाचला. परभणीत आणि जिल्ह्यातल्या इतर कोर्टांत मिळून तो एकोणतीस वर्षं पुकारा देत होता. बापाच्या नावाआधी लावायचा जुन्या राजवटीतला 'वल्द' त्यानं जिभेवर तसाच जपला होता. कागदावर असेल ते नाव, तेवढंच, तीनदा, हा त्याचा शिरस्ता होता. राव नाही, शेठ नाही, साहेब नाही.

"कागदावर सिताराम वल्द किशन हाय," तो म्हणाला. "अण्णासाहेब कुटंच न्हाई."

दिनकररावांनी कपाळाला हात लावला. माणूस वाईट नव्हता, भित्रा होता. त्यांनी आश्रुबाला समजावलं, की आणीबाणी उठून वर्ष झालं, मुंबईत सरकारं आली अन् गेली, पण अण्णासाहेबांसारखे पुढारी प्रत्येक सरकारला आपलेच वाटतात. त्यांचं एक कार्ड मुंबईला गेलं की माणूस जिल्ह्याच्या दुसऱ्या टोकाला जाऊन पडतो. तुझ्या निवृत्तीला सात महिने राहिलेत, ते घरी काढायचेत ना?

काढायचे होतेच. आधीची कितीतरी वर्षं बाहेरगावच्या कोर्टांत हातानं पिठलं रटरटवण्यात गेली होती. शेवटचे दिवस तरी सुलाबाईच्या हातची भाकर खाऊन कोर्टात यायचं, एवढीच त्याची इच्छा होती आणि तसा शब्द त्यानं बायकोला दिला होता.  खोटं कशाला बोला, त्याला भीती वाटत होती.

खटला सरजाबाईचा होता. चुडाव्याच्या पलीकडच्या एका खेड्यातली ही म्हातारी. गावात सरकारी विहीर झाली, तिच्यावर ती पाणी भरायला गेली, तेव्हा अण्णासाहेबांनी स्वतः तिला ढकललं आणि घागर फोडली, अशी तिची फिर्याद. अर्ज लिहिणाऱ्यानं आरोपीचं नाव विचारलं, तेव्हा तिला ठाऊक होतं ते तिनं सांगितलं, तेच कागदावर चढलं. तीन तारखांना आरोपीच्या पोटात दुखलं, तसे डॉक्टरांचे दाखले आले. या खेपेला मात्र न्यायाधीशांनी बजावलं होतं, की गैरहजर राहिले तर वॉरंट.

म्हणून अण्णासाहेब आले होते. आले म्हणजे काय, वरातच आली होती. लिंबाखाली जीप, जीपभोवती पन्नास माणसं, अण्णासाहेबांच्या गळ्यात हार, हातात चहाची बशी. सरजाबाई एकटीच व्हरांड्याच्या पायरीवर भाकरीचं फडकं मांडीवर घेऊन बसली होती.

आतून खूण झाली. आश्रुबानं घसा खाकरला, सदऱ्यावरचा पट्टा नीट केला आणि डोळे मिटून आवाज सोडला.

"सिताराम वल्द किशन, हाजीर हो!"

कुणीही हललं नाही. जीपमध्ये अण्णासाहेब कसलासा विनोद सांगत होते, तो पुरा झाला, माणसं हसली. तीस वर्षं ज्याला सगळा जिल्हा अण्णासाहेब म्हणत आला, त्या माणसाच्या कानाला स्वतःचं नाव ओळखू येईना. समन्स त्यांनी कधी वाचलंच नव्हतं, आणि त्यांचे वकील त्या वेळी वरच्या कोर्टात दुसऱ्या खटल्यात अडकले होते.

दुसरा पुकारा झाला तेव्हा खुद्द अण्णासाहेबच वैतागले. कोण हा सिताराम, जात का नाही, आमचा नंबर खोळंबलाय, असं ते म्हणाले. कार्यकर्ते कामाला लागले. बैलाच्या भांडणात साक्षीला आलेला एक सिताराम त्यांना तंबाखू मळताना सापडला. त्याला दोघांनी बखोटीला धरून व्हरांड्यात आणून उभं केलं.

"बापाचं नाव?" आश्रुबानं विचारलं.

"मारुती."

"मग बस खाली. तुझी येळ न्हाई आली."

दिनकरराव दारातून हातवारे करत होते. जाऊन नुसतं कानात सांग म्हणत होते. पण पुकारा देणारा पायरी सोडून कुणाच्या कानाशी जात नसतो. आज एकाच्या जीपपर्यंत गेलो, तर उद्या पायरीवर बसणाऱ्यांना काय सांगायचं, हे आश्रुबाला सुचेना. आपल्याला भीती वाटतेय हे त्याला कळत होतं, आणि भीती वाटत असूनही आवाज फुटतोय याचं नवलही वाटत होतं. त्यानं तिसरा पुकारा दिला. तो पार स्टेशन रोडपर्यंत गेला असावा.

तरीही जीपमध्ये कुणी उठलं नाही.

तेव्हा सरजाबाई उठली. अण्णासाहेब शेंबडे होते तेव्हापासून ती त्यांच्या शेतात खुरपत आली होती. वॉरंट म्हणजे काय हे तिला ठाऊक नव्हतं. चार खेपा घातल्यावर हा माणूस एकदा समोर उभा राहिलेला पाहायचा, एवढंच तिला हवं होतं. तिनं पदर खोचला.

"ये सितारामा," ती म्हणाली, "तुलाच बोलवायलेत रं. कवाचं वरडायलंय ते माणूस."

"आलो, आलो," अण्णासाहेब म्हणाले आणि बशी टाकून उभे राहिले. काय झालं ते त्यांच्या ध्यानात यायच्या आत ते निम्मं अंगण चालून आले होते. पन्नास माणसं जागच्या जागी तोंडं उघडी टाकून बघत राहिली. पायरीपाशी आल्यावर त्यांनी गळ्यातला हार काढला आणि तो कुठे ठेवावा हे न कळून हातातच धरला.

आत न्यायाधीशांनी नाव विचारलं.

"अण्णा..." ते थांबले. "सिताराम."

"वडिलांचं?"

"किशन."

दिनकरराव बाहेर आले. चेहरा उतरलेला, पण मिशीत हसू मावत नव्हतं. "तुझी बदली ठरली बघ, आश्रुबा," ते म्हणाले.

"ठरू द्या. सुलाबाईला घिऊन जाईन ह्या बारीला," आश्रुबा म्हणाला. 

आता फिर्यादीचा पुकारा होता. सरजाबाई त्याच्यापासून दोन हातांच्या अंतरावर, पायरीवर परत जाऊन बसली होती. नुसती मान हलवली असती तरी ती आत गेली असती. आश्रुबानं कागद डोळ्यांसमोर धरला आणि तितक्याच आवाजात, त्याच मापात नाव घेतलं.

"सरजाबाई भ्रतार सूर्यभान, हाजीर हो!"

ती उठली नाही. दुसऱ्यांदाही उठली नाही. मान वर करून, नवऱ्यासकट आपलं नाव सगळ्या अंगणावरून जाताना ऐकत राहिली. तिसरा पुकारा पुरता संपू दिला, मग गुडघ्यावर हात टेकून उभी राहिली.

"हाय," ती म्हणाली आणि आत गेली.