आत्याचा मान

दिव्यासमोर धरलेल्या अंड्यात पिल्लाची सावली हलली, तेव्हा कालिंदीने ते अंडं बाजूला काढलं. जिवंतच अंडं लागतं. कवचाला बारीक भोक पाडायचं, आतल्या पातळ पडद्यावर रोग्याच्या फोडातलं पाणी सोडायचं, मेण लावून भोक बुजवायचं आणि अंडं उबेत ठेवून द्यायचं. कलकत्त्याच्या त्या प्रयोगशाळेत ती हे काम इतकी वर्षं करत होती की डोळे मिटूनही जमलं असतं. आज मात्र भोक पाडायच्या आधी तिने बाटलीवरची अक्षरं पुन्हा वाचली. नमुन्याच्या बाटलीवर वॉर्डातल्या डॉक्टरांनी लिहिलं होतं : वृंदाचं बाळ. कानामागे फोड, ताप, झटके. देवी आहेत का, ते कळवावे.

वृंदा म्हणजे तिची भावजय. कालिंदी आणि तिचा धाकटा भाऊ श्रीकांत, दोघंही कलकत्त्यातच, हाजऱ्याच्या वस्तीत जन्मले आणि तिथेच वाढले. आजोबा इकडे गणित शिकवायला आले ते परत गेलेच नाहीत. कालिंदीचं लग्न राहून गेलं, आणि का राहिलं हे आता घरात कुणी विचारत नव्हतं. श्रीकांतला उशिरा नागपूरची बायको मिळाली आणि त्याहून उशिरा मूल झालं. त्या दिवशी कालिंदीने प्रयोगशाळेत संदेश मिठाई वाटली आणि मी पिशी झाले, आत्या झाले, असं दिसेल त्याला सांगत सुटली.

आत्या झालं की बारशाला मान असतो. बाळाच्या कानाशी तोंड न्यायचं, 'कुर्र' करायचं आणि नाव सांगायचं. या मानाची आठवण वृंदाने आपण होऊन करून दिली होती आणि नावही वन्संनीच ठरवावं म्हणाली होती. बारशाच्या सकाळी कालिंदीच्या वरच्या ओठाच्या कोपऱ्यात चुणचुणलं. ही चुणचुण तिच्या लहानपणापासून ओळखीची होती. आज चुणचुणलं की उद्या तिथे फोड, मग खपली. आई म्हणायची, ताप बाहेर पडला. बंगाली लोक ज्वरठोसा म्हणतात. आरशात काही दिसत नव्हतं. उकाड्याने घामोळं येत असेल, अशी तिने स्वतःची समजूत घातली. खरं म्हणजे त्या दिवशी तिला दुसरं काही ऐकायचंच नव्हतं. जरीची साडी नेसून ती पाळण्यावर वाकली, बाळाच्या कानाला ओठ टेकवले आणि म्हणाली, "कुर्र... मनोहर." बायकांनी रीतीप्रमाणे आत्याच्या पाठीत धपाटे घातले. मार खाऊन एवढी खूष झालेली बाई त्या घराने कधी पाहिली नव्हती.

आणि नेमकं तिलाच हे सगळं ठाऊक असायला हवं होतं. तिच्या ओठावरचा तो फोड प्रयोगशाळेत प्रसिद्ध होता. असा फोड उठवणारा हर्पीसचा विषाणू ओळखायचा तर त्याला हमखास अडवणारं रक्त हाताशी लागतं, आणि असं रक्त कालिंदीइतकं दुसऱ्या कुणाचं नव्हतं. दर काही महिन्यांनी तिच्या दंडाला रबरी नळी बांधली जायची. बरोबरीचे लोक तिला आमची दुभती गाय म्हणायचे आणि तीही हसून हात पुढे करायची. प्रमुख डॉ. सान्याल यांनी तिला एकदा चहा पिता पिता समजावलं होतं. विषाणूच्या अंगावर एक वेष्टन असतं, त्यात साखर चिकटलेली प्रथिनं रोवलेली असतात, त्यांना ग्लायकोप्रोटीन म्हणतात. त्यांच्याच जोरावर तो पेशीला चिकटतो. आपल्या रक्तातली प्रतिद्रव्यं नेमकी तीच प्रथिनं पकडून ठेवतात, मग विषाणू आत शिरू शकत नाही. बंगाली माणूस विषाणूतही साखर शोधणारच, असं कालिंदी म्हणाली होती, आणि सान्याल कपातला चहा सांडेपर्यंत हसले होते.

आता तिने दोन रांगा लावल्या. पहिल्या रांगेतल्या अंड्यांत नुसतं बाळाच्या फोडातलं पाणी. दुसऱ्या रांगेत तेच पाणी, पण आधी तिच्या साकळलेल्या रक्तावरच्या निवळीत मिसळून ठेवलेलं.

अंडी उघडायची वेळ आली तेव्हा सान्याल स्वतः येऊन उभे राहिले. पहिल्या रांगेतल्या पडद्यांवर पांढरे ठिपके होते. देवीचे ठिपके फुगीर आणि ठसठशीत उठतात. हे बारीक होते, वेडेवाकडे विखुरलेले. देवी नव्हत्या. दुसऱ्या रांगेतले पडदे स्वच्छ होते. कालिंदीच्या रक्ताने एकही ठिपका उठू दिला नव्हता, म्हणजे हा हर्पीसच होता. सान्यालांनी मान वर करून तिच्या ओठाकडे पाहिलं. तिथे खपली सुटायला आली होती. त्यांना कळलं हे तिला कळलं.

देवी नाहीत एवढाच निरोप आधी वॉर्डात गेला. श्रीकांत धावत प्रयोगशाळेच्या फाटकाशी आला आणि रस्त्यातच त्याला रडू फुटलं. वाचलो, ताई, वाचलो, असं तो म्हणत राहिला. पुढचं न सांगता तिने त्याच्या पाठीवरून हात फिरवला.

मग ती सान्यालांच्या खोलीत गेली. माझं रक्त घ्या आणि त्याला द्या, म्हणाली. अंड्यात थांबतो तर बाळातही थांबेल. सान्यालांनी तिला बसवलं आणि फार हळू बोलले. अंड्यात सोडण्याआधीच विषाणू आणि प्रतिद्रव्यं यांची गाठ बाहेर पडली होती. बाळाच्या बाबतीत विषाणू केव्हाच मेंदूच्या पेशींत शिरला होता, तिथे प्रतिद्रव्यं पोचत नाहीत. हा विषाणू डोळ्यात गेला तर घालायचे थेंब मिळतात, पोटात घ्यायचं औषध अजून नाही. आईला हा रोग पूर्वी होऊन गेला असता तर तिच्या रक्तातून बाळाला थोडं संरक्षण मिळालं असतं. वृंदाचं रक्त त्यांनी तपासलं होतं. त्यात ही प्रतिद्रव्यं नव्हतीच.

"घरी सगळं सांगायलाच हवं असं नाही," सान्याल म्हणाले.

मनोहर त्याच आठवड्यात गेला. ते नाव पुरतं तोंडात बसायच्या आतच गेला.

चार दिवसांनी घरात तिघंच उरली. वृंदा बाळाच्या टोपड्याच्या नाड्या बोटाला गुंडाळत बसली होती. वॉर्डातल्या डॉक्टरांनी तिला बरंच समजावलं होतं आणि त्यातलं एकच तिच्या लक्षात राहिलं होतं.

"बाळाला आईच्या रक्तातून मिळायला हवं होतं ते माझ्यात नव्हतंच म्हणे," ती म्हणाली. "माझंच कमी पडलं ना, वन्सं?"

कालिंदी गप्प बसली असती तर जन्मात कुणाला कळलं नसतं. वृंदा मात्र हे ओझं जन्मभर वाहत राहिली असती.

"तुझं काही कमी पडलं नाही. माझ्या ओठावर होतं ते. कुर्र करताना गेलं त्याला."

टोपड्याची नाडी बोटावरून सुटली. "तुम्हाला माहीत होतं?"

"सकाळी चुणचुणत होतं."

श्रीकांत म्हणाला, ताई, आता नको. वृंदा उठून आत गेली. भांडण झालं नाही, आवाज चढला नाही. दुसऱ्या दिवसापासून कालिंदीची कपबशी स्वयंपाकघराच्या फळीवर नव्हती, खिडकीत वेगळी ठेवलेली होती. कुणी ठेवली ते तिने विचारलं नाही. ती आपली कपबशी आपणच विसळू लागली.

पुढे शहरातून देवी गेल्या. प्रयोगशाळेत अंडी कमी येऊ लागली. कालिंदीचं रक्त तेवढं अजून लागायचं. दंडाला नळी बांधली तरी आता कुणी गाय म्हणत नसे.

वृंदाला मुलगी झाली. बारशाला बायका जमल्या. कुर्र करायला खालच्या मजल्यावरच्या सरलाबाईंना बोलावलं होतं, त्या नात्याने कुणीच नव्हत्या. कालिंदी आपणहून बाहेरच्या खोलीत दाराजवळ बसली. तिच्या ओठावर महिनोन् महिने काही उठलं नव्हतं, तरी तिने पदर तोंडाला लावला होता.

आत गाणी सुरू व्हायच्या आधी वृंदा बाळाला घेऊन दारात आली. उंबरा न ओलांडता थांबली. तिने कालिंदीकडे पाहिलं नाही, पाळण्याच्या दोरीकडे पाहत बोलली.

"उज्ज्वला ठेवतोय. तिथूनच सांगा, वन्सं. मान तुमचा आहे."

कालिंदी उठली. जिथे होती तिथेच उभी राहिली. पुढे पाऊल टाकलं नाही. तिने पदराआडून कुर्र केलं आणि नाव सांगितलं. वृंदाने मुलीला छातीशी घट्ट धरलं होतं, आणि तिचा तळवा मुलीच्या कानावर होता. आपण तो ठेवलाय हे वृंदाच्या ध्यानातही नसावं. कालिंदीला तो दिसला. तिने नाव आणखी एकदा सांगितलं आणि खाली बसली. वृंदा मुलीला घेऊन आत गेली, आणि थोड्या वेळाने आत बायका सरलाबाईंच्या पाठीत धपाटे घालत होत्या.