अठराच्या वर घंटा

ताईच्या आइस्क्रीमच्या कारखान्यातल्या माणसांना वजा आकडे काही केल्या पचत नव्हते. वजा वीस दिसलं की एक म्हणे थंडी वाढली, दुसरा म्हणे कमी झाली, आणि दोघंही छातीठोकपणे. शेवटी ताईने धाकट्या भावाला बोलावलं. भाऊ गणिताचा मास्तर. बोलावण्याचाच अवकाश, मास्तर हजर.

"वजा काढूनच टाकू," ते म्हणाले. "शून्याच्या जितकं खाली, तेवढा थंडीचा आकडा. आकडा मोठा, थंडी जास्त. आहे काय त्यात!"

शीतगृहाच्या घंटेला नियम दिलेला होता: तापमान वजा अठरापेक्षा जास्त झालं तर वाज. मास्तरांनी दोन्ही बाजूंना वजा एकने गुणलं आणि नवा नियम भरला: थंडीचा आकडा अठरापेक्षा जास्त झाला तर वाज. असल्या किरकोळ कामाचा कुणी पडताळा घेतं होय? हात झटकून ते घरी गेले.

दुसऱ्या दिवशी सकाळी शीतगृह खच्चून भरलेलं. ताईची पहिलीच मोठी ऑर्डर संध्याकाळी निघायची होती. चांगली नोकरी सोडून तिने हा खटाटोप मांडला होता. ही ऑर्डर गेली तर कारखानाच गुंडाळावा लागणार होता. आणि घंटा कोकलत होती. मास्तर धापा टाकत आले. आकडा बावीस.

"तापलं रे सगळं!"

"अगं, बावीस म्हणजे चांगलं थंड आहे."

"मग ही का बोंबलतेय?"

थंडी वाढवायचं बटण मास्तरांनी थोडं पुढे फिरवलं. आकडा चोविसावर गेला. घंटा चालूच.

"बघ, चढतोय! तापतंय!"

"थंडी चढतेय, ताई."

"म्हणजे घंटा खोटं बोलते?"

मास्तरांच्या डोक्याचा पार भुगा झाला. आकडा वर म्हणजे थंडी वर, हे त्यांनीच ठरवलेलं. मग थंडीला घंटा का भीत होती? का ठरवतानाच आपलं काही चुकलं? काहीच सुचेना, तेव्हा त्यांनी बटण शेवटपर्यंत पिळलं. थंडी जास्त झाल्याने कुणाचं वाईट झालंय?

जेवणाच्या आधी थंडीचं यंत्र घरघरलं आणि बंद पडलं. माल लावायला दाराची उघडमीट चालूच होती. आकडा उतरत उतरत अठराला आला आणि घंटा गप्प झाली.

"सुटले बाई!" ताई मटकन खाली बसली. "आता यंत्रालाही जरा विसावा."

मास्तरांना तो उतरता आकडा काही पटत नव्हता. पण ताई सकाळपासून पहिल्यांदाच हसत होती, आणि घंटाही तिच्याच बाजूने होती.

संध्याकाळी ताईने दाराजवळच्या खोक्यातून एक कप काढला. "घे. तू होतास म्हणून निभावलं."

मास्तरांनी चमचा टेकवला. तो थेट तळाला गेला.

वजाने गुणलं की लहानमोठ्याचं चिन्ह फिरवायचं. हे विसरणाऱ्या पोरांना ते तासभर उभं करत. घंटेच्या नियमात ते स्वतःच विसरले होते.

"ताई, ती सकाळी वाजत होती ना... तेव्हा सगळं ठीक होतं."

ताईने कप त्यांच्या हातातून घेऊन तिरका केला. आइस्क्रीम तिच्या बोटांवरून ओघळलं.

"आणि आत्ता?"

"आत्ता वाजायला हवी होती," ते म्हणाले. बाहेर ऑर्डरची गाडी मागे घेऊन दाराशी लावत होते.