सगळ्या मापाची खोळ

मी खोळ बोलतेय. उशीची नव्हे, पिस्तुलाची. गोंदियाच्या दुकानात मला होल्स्टर म्हणायचे, गोरेगावात सगळे कव्हर म्हणतात. तुम्ही काहीही म्हणा, पण जरा लांबूनच ऐका. माझा माणसांवर फारसा विश्वास उरलेला नाही. तो का उरला नाही ते ऐकलंत तर मला नावं ठेवणार नाही, असं वाटतं. खात्री मात्र नाही.

माझं मूळ काही थोर नाही. जाड काळं नायलॉन, आत पातळ फोम, कमरेचा पट्टा ओवायला मागे दोन घरं आणि तोंडावर बटणाची एक पट्टी. कुठल्याशा मोठ्या शहरातल्या पत्र्याच्या शेडमध्ये आम्हा तीनशे बहिणींना एकाच दिवशी शिवलं. शिवणाऱ्या बाईसमोर पिस्तूल नव्हतंच. एक पुठ्ठा होता, त्यावरून तिनं आम्हाला कापलं. मग कोणीतरी प्रत्येकीवर चिठ्ठी चिकटवली, ‘सगळ्या मापांना चालते’. सगळ्या पायांना होणारी चप्पल तुम्ही घ्याल का? मला तेव्हाच या चिठ्ठीचा संशय आला होता.

गोंदियाला भोजराजच्या बंदुकांच्या दुकानात मी काचेमागे बरेच महिने पडून होते. तिथे एक दिवस इंद्रकुमारसेठ आले. गोरेगावजवळ त्यांची राइस मिल. मधल्या काळात रस्त्यात अडवून बॅगा हिसकावण्याचे दोन प्रकार झाले होते, म्हणून त्यांनी धावपळ करून परवाना काढला आणि बत्तीस बोरचं छोटंसं पिस्तूल घेतलं. तळहाताएवढं. ते ठेवायला त्यांना खोळ हवी होती.

इंद्रकुमारसेठ मोठे संशयी गृहस्थ. धान घेताना पोत्यात लोखंडी नळी खुपसतील, मूठभर दाणे काढतील, त्यातला एक दाताखाली चावून ओल बघतील, मग दुसऱ्या बाजूनं पुन्हा नळी खुपसतील. शेतकरी समोर शपथा घेत असला तरी यांचं चावणं सुरूच. अशा माणसाला खोळ निवडायला किती वेळ लागावा? तीन मिनिटं लागली.

भोजराजनं आधी मला दाखवलं आणि स्वतःच मान हलवली. “सेठजी, पिस्तौल छोटी है, ये होल्स्टर बडा पडेगा. इसी पिस्तौल के नाप का चमडे का बनवा देता हूं. पंधरा दिन लगेंगे.”

पंधरा दिवस आणि चामड्याचं म्हटल्याबरोबर सेठच्या कपाळावर आठी पडली. महागातलं गळ्यात मारायचा याचा डाव आहे, हे त्यांनी मनाशी ठरवूनच टाकलं. मला कमरेला लावलं, पिस्तूल आत सोडलं आणि आरशासमोर उभे राहिले. शर्टाखाली बऱ्यापैकी फुगवटा दिसत होता. तो त्यांना आवडला.

“एक बार नीचे बैठ के तो देखो,” भोजराज म्हणाला.

“मले काय बसून चालवायचं हाय का?” सेठ हसले. “दे हेच.”

मी विकली गेले.

पहिल्याच दिवशी मला कळलं की आमचं जमायचं नाही. माझ्या पोटात ते पिस्तूल इकडून तिकडे डुलायचं, दोन बोटं सहज फिरतील एवढी जागा रिकामी. नीट बसणारी खोळ पिस्तुलाला घट्ट धरते. रिकामं पिस्तूल घालून उलटी करून हलवली तरी ते पडत नाही, चाप पूर्ण झाकलेला असतो आणि मूठ मात्र हाताला लगेच सापडते. माझ्यात सगळं उलटं. पिस्तूल खोल जायचं, मूठ आत बुडायची. घाईत काढता येत नाही म्हणून सेठनी आठवडाभरात माझी बटणाची पट्टी उघडीच ठेवायला सुरुवात केली. तीच एक काय ती राखण होती माझ्याकडे.

त्यात सेठचा दिवस जायचा गादीवर. मिलच्या पुढच्या खोलीत भिंतीला लागून पांढरी गादी, मागे लोड. तिथे ते मांडी घालून बसत. मांडी घातली की त्यांची जांघ मला खालून वर ढकलायची, माझं तोंड मागे कलायचं आणि पिस्तूल मुठीच्या वजनानं बाहेर डोकवायचं. सेठ फोनवर बोलता बोलता कोपरानं ते आत ढकलून द्यायचे. असं दिवसातून दहा वेळा. मी माझ्या परीनं कुरकुरायची. नायलॉनचा आवाज कोण ऐकतो? एकट्या निर्मलाबाई, सेठची आई, दाराशी सुपारी कातरत बसलेल्या असायच्या. त्या सेठच्या कोपराकडे बघत असत.

नवं धान यायला लागलं तेव्हाची गोष्ट. दुपारचं जेवण करून सेठ गादीवर रेलले होते. कोणाशी तरी मोठमोठ्यानं बोलत होते. एकदम मला हलकं वाटलं. पिस्तूल माझ्यातून निसटलं आणि गादी आणि भिंत यांच्यामधल्या फटीत गेलं. कापसाला घासून खाली बसलं, जरासुद्धा आवाज झाला नाही. सेठ उठले आणि ड्रायव्हरला हाक मारून देवरीकडे धान बघायला निघाले.

हा ड्रायव्हर म्हणजे प्रफुल्ल. बारा वर्षं त्यानं सेठची गाडी चालवली होती. बायको रीना, घर चोरखमारा तलावाच्या बाजूच्या गावात, घरात भिंतीवर बाबासाहेबांचा फोटो. कमी बोलणारा माणूस.

गाडीत बसताना सेठनी शर्टावरून कमरेला हात लावून पाहिला. आणि इथे माझा गुन्हा झाला. माझं नायलॉन इतकं कडक की रिकामी असूनही मी तशीच फुगलेली. हाताला मी लागले, सेठचं समाधान झालं आणि ते मागच्या सीटवर झोपून गेले.

देवरीला उतरले तेव्हा खोळ रिकामी निघाली.

“प्रफुल्ल, पिस्तूल कुठं हाय?”

“मले कसं मालूम सेठजी?”

“गाडीत बसलो तवा होतं. हात लावून पाहिला मी. मंग मी झोपलो. गाडीत दुसरं कोण होतं?”

प्रफुल्लनं गाडी धुंडाळली. सीटा वर केल्या, पायपुसण्या झटकल्या. शेवटी नुसता उभा राहिला. “सेठजी, बारा वर्षं झाली. मी कायले घेऊ तुमचं पिस्तूल? मले का चालवता येते?”

“इकता तर येते ना,” सेठ म्हणाले.

मी कमरेवर होते. मला सगळं माहीत होतं. मला तोंड होतं, पण ते पिस्तूल घालण्यापुरतं. त्या दिवशी मला स्वतःची इतकी लाज वाटली की उसवून जावंसं वाटलं.

पुढचं नेहमीसारखंच झालं. परवान्याचं पिस्तूल हरवलं की पोलिसांत सांगावंच लागतं. प्रफुल्लला दोन दिवस सकाळपासून संध्याकाळपर्यंत बसवून विचारलं. त्याच्या घरी झडती झाली. रीनानं स्वतःच ट्रंक उघडली, साड्या एकेक करून खाटेवर ठेवल्या आणि धानाची कोठी दाखवली. कुंपणाबाहेर अर्धं गाव उभं होतं. संध्याकाळी सुटून प्रफुल्ल मिलवर आला की हमाल त्याच्या शेजारून उठून जायचे. बारा वर्षं ज्याच्या हातात घराच्या किल्ल्या होत्या त्याच्याकडे त्या दोन दिवसांत एकानंही सरळ पाहिलं नाही. शोधलं मात्र सगळीकडे. सेठच्या बसायच्या जागेखेरीज सगळीकडे.

तिसऱ्या दिवशी सकाळी निर्मलाबाईंनी मला खुंटीवरून काढलं. आपली सुपारीची पितळी डबी माझ्यात टाकली आणि मला मुलापुढे धरलं.

“इंदर, बांध हे कमरेले.”

“कायले, माय?”

“बांध म्हणते ना. अन् बस तिथं, रोजच्यावानी.”

सेठ चिडले, पण आईपुढे त्यांचं चालत नसे. त्यांनी मला बांधलं, गादीवर मांडी घातली.

“रेल मांगं. फोन घे हातात.”

सेठ रेलले. मी कलले. डबी माझ्यातून सुटली आणि भिंतीकडे नाहीशी झाली. खोलीत कसलाही आवाज झाला नाही.

निर्मलाबाई वाकल्या, गादीमागच्या फटीत हात घातला. डबी शोधता शोधता त्यांचा हात थांबला आणि त्यांनी तो झटकन बाहेर घेतला.

“तुहं लोखंड आहे खाली. तूच काढ. मी हात नाही लावत त्याले.”

सेठनी गादी ओढली. पिस्तूल तिथे होतं, गोळ्या भरलेलं, शेजारी पितळी डबी. सेठचा चेहरा उतरला.

“कितीक दिसापासून पाहून राहिली मी तुहं कोपर,” निर्मलाबाई म्हणाल्या. “म्हटलं, पोराच्या ध्यानात येईन. तुह्या ध्यानात पिरफुल्ल आला.” मग जरा थांबून हळूच म्हणाल्या, “परवाच बोलाले पायजे होतं मी.” त्यांचे डोळे भरले होते. मला त्यांच्याबद्दल फार वाईट वाटलं, कारण उशीर मलाही झाला होता.

सेठनी त्याच दिवशी पोलिसांत जाऊन सांगितलं की वस्तू घरीच सापडली. नंतर ते गोंदियाला गेले, मला सोबत घेऊन. भोजराजपुढे मान खाली घालून चामड्याची खोळ मापानं करायला दिली. पंधरा दिवसांनी ती आली तेव्हा पिस्तूल रिकामं करून, दोनदा तपासून, त्यांनी दुकानातच फरशीवर मांडी घातली. उकिडवे बसले. वाकले. उलटी करून हलवली. दाणा चावावा तशी त्यांनी ती खोळ पारखली. मी काउंटरवरून बघत होते. मला हेवा वाटला नाही, पण रागही गेला नाही. हेच सगळं आधी केलं असतं तर?

मग कुठे सेठ प्रफुल्लच्या घरी गेले; वस्तू सापडल्यापासून तो मिलवर आलाच नव्हता. माझा उपयोग संपला होता, तरी मी गाडीत पडलेली होते. ते पायरीवरच उभे राहिले.

“चुकलो बावा मी. उद्यापासून ये कामावर.”

प्रफुल्लनं त्यांना खुर्ची दिली, रीनानं पाणी दिलं.

“राग नाही तुमच्यावर, सेठजी,” प्रफुल्ल म्हणाला. “पण मी नाही येत. तुम्ही मांगच्या सीटवर बसान अन् कमरेले हात लावान, का माह्या छातीत धस्स होईन. अशानं गाडी नाही चालवता येत.”

“मंग दुसरं काय पायजे? सांग तू.”

“ते जुनं कव्हर द्या.”

“ते? ते कायले?”

“मी पोलिसात बसलो ते साऱ्या तालुक्याले मालूम आहे. पिस्तूल तुमच्या गादीखाली भेटलं ते कोणाले मालूम आहे?”

सेठनी मला आणून त्याच्या हातात दिलं.

आता माझा मुक्काम गोरेगावच्या बाजाराच्या रस्त्यावर, प्रफुल्लच्या पंक्चरच्या दुकानात आहे. हवेच्या मशीनच्या वर भिंतीत खिळा ठोकून त्यानं मला टांगलंय. कोणी ना कोणी विचारतंच, “काऊन रे, सेठची नोकरी काऊन सोडली?” मग प्रफुल्ल मला काढतो, लहान पाना माझ्यात घालतो, कमरेला लावतो आणि जमिनीवर मांडी घालून बसतो. पाना पडतो. लोक म्हणतात, “हात्तिच्या!” मीही जितकी सैल होता येईल तितकी होते. आयुष्यात एवढं एकच काम मला नीट जमतं.

मागच्या बाजाराच्या दिवशी बकाराम नावाचा एक म्हातारा मोटरसायकल ढकलत आला. चाक खोलेपर्यंत त्यानं सगळी हकीकत ऐकली, पाना पडताना पाहिला, च्च च्च केलं. “भल्या माणसावर आळ घेतला बा! मोठी वाईट गोष्ट.” त्याचा आवाज खरंच ओला झाला होता. मग प्रफुल्ल नवी ट्यूब आणायला आत वळला. तेवढ्यात बकारामनं हँडलला अडकवलेली आपली थैली काढली आणि काखेत घट्ट धरली.

प्रफुल्ल ट्यूब घेऊन बाहेर आला तेव्हा हँडल रिकामं होतं. त्यानं हँडल पाहिलं, काख पाहिली. खाली बसून चाक बसवायला लागला.

तुमची गाडी कधी या रस्त्यावर बसली तर अवश्य या. माझी गोष्ट पुन्हा ऐकू नका, मला खिळ्यावरून काढायलाही सांगू नका. फक्त थैली हँडललाच राहू द्या. एवढं कराल का?