कुंकवाच्या ठिपक्यावर

"आजी, तुम्हाला स्केटिंग खरंच येत होतं का?"

हा प्रश्न माझा नाही, माझ्या मैत्रिणीचा, जान्हवीचा. लिफ्टमध्ये ती इथल्या लोकांसारखा शेवटी 'लाह' जोडून म्हणाली, "हिंमत असेल तर विचार लाह!" माझ्यात हल्ली हिंमत खूप आहे. विचारलं.

नंदाआजी इथे परदेशात, तोआ पायोहला, आमच्याच ब्लॉकमध्ये राहतात. पन्नास वर्षांपूर्वी मुंबईच्या सिनेमांत त्या बर्फावर स्केटिंग करायच्या. जान्हवीला त्यांच्या एका सिनेमाची व्हीसीडी मिळाली. त्यात आजी फक्त पडतात. हिरो दिसला की पडतात, गाणं सुरू झालं की पडतात, गाणं संपलं तरी पडतात.

चौकशी मात्र माझ्याच कामाची होती. आमच्या स्केटिंग क्लासचा शो आहे. मागच्या वेळी मी चुकून आपटले आणि प्रेक्षकांना नेमकं तेवढंच आवडलं. आता कोच म्हणतात, मागच्या रांगेत हंस हो, नाहीतर सगळ्यांच्या पुढे सारखा पडणारा विदूषक. उद्या सांग.

"हंसच हो," जान्हवीचं मत. "विदूषक म्हणजे हिला काही येत नाही, असंच वाटणार सगळ्यांना."

आजींनी शांतपणे चहा गाळला.

"पहिल्या सिनेमात मी फार सुंदर स्केटिंग केलं. ते कापलं. शेवटी बुटाचा पट्टा तुटून आपटले, ते ठेवलं. थिएटर हसून लोळलं. मग कायम तेच काम."

"वाईट नाही वाटलं?"

"वाटलं की! आणि कॅमेरामन ओरडायचा, बाई, पडा, पण फ्रेममध्ये पडा. बर्फावर खडू उठेना, म्हणून मी कुंकवाचा ठिपका लावायचे. उलटं जात, गिरकी घेऊन, बरोब्बर त्यावर पडायचे. जिला येत नाही ना, ती कुठेही पडते गं."

जान्हवीने आपलं मत मागे घेतलं. ब्लॉकमध्ये हे प्रथमच घडलं.

"लोटांगण येतं?" आजींनी मला विचारलं.

"गणपतीत घालते."

"मग अर्धं काम झालं. आधी कुल्ला, मग खांदा, मग घरंगळायचं. हात टेकलास की मनगट गेलं."

घरी येऊन मी हॉलमध्ये सराव सुरू केला. फरशी बर्फापेक्षा कडक आहे. विसाव्या की कितव्या तरी वेळी घरंगळत गेले ती थेट बाबांच्या बुटांपाशी. ते बँकेतून नुकतेच आले होते. मुलगी पायाशी लोटांगण घालते आहे म्हटल्यावर त्यांनी बॅग हळूच खाली ठेवली.

"आर्या, किती मार्क पडले?"

आमच्या घरात पडायची मुभा फक्त मार्कांना आहे. आई लाटणं घेऊनच बाहेर आली.

"मार्क नाही, बाबा," मी झोपूनच जाहीर केलं. "मी पडणार आहे. शोमध्ये, सगळ्यांच्या पुढे, मुद्दाम. आणि आई, मला तुझं कुंकू लागेल."