मोतीरामचा चेहरा

मी एक जुना व्हिडिओ कॅमेरा आहे. मित्रांनो, माझं आयुष्य सलग नाही. मला सुरू करतात तेवढंच मी जगतो. बाकीचं ऐकून माहीत.

सुरू.

प्रज्ञाताईंचा खांदा. सौंसरच्या या बाईंनी मला घेऊन वर्षानुवर्षं कामगारांवर माहितीपट केले. कोळशाची खाण, वीटभट्टी, संत्र्यांच्या पेट्या भरणाऱ्या बाया.

बंद.

सुरू.

पांढुर्ण्याची जिनिंग. हवेत रुईच रुई. यंत्रात कापूस लोटणारा मोतीराम नाकातोंडाला दुपट्टा गुंडाळून उभा. फक्त डोळे उघडे.

"मॅडम, माह्या तोंडाचा बी एखादा फोटो घ्या ना. का हातायचाच पिच्चर बनवून राहिल्या?"

"भाऊ, तुमचे हातच बोलून राहिले. दुपट्टा राहू द्या, काम खरं दिसते."

"बरं हाये. बायको म्हनते, तोंड पाहन्यासारखं नाहीच."

सगळे हसले. ताईही.

बंद.

चहाची सुट्टी. बॅटरी वाचावी म्हणून ताई मला सुट्टीत बंद करायच्या. मोतीराम दुपट्टा सुट्टीतच काढायचा.

त्या माहितीपटाला नागपुरात बक्षीस मिळालं, तेव्हा मी पिशवीत होतो. हातांचं फार कौतुक झालं म्हणे. मग नवा कॅमेरा आला. मी कपाटात गेलो.

सुरू.

जुन्या कॅसेट माझ्यातच चालतात, म्हणून यंदा मला बाहेर काढलं. समोर मोतीरामची बायको, पुष्पा. मोतीराम दम्यानं गेला होता. रविवारी पुण्यानुमोदन, त्याच्या आठवणीचा विधी.

"ताई, फोटो ठेवाले पाहिजे. लग्नातला हाये, पन त्यातल्या पोराले माही पोरगी बाप म्हनत नाही. आधार कार्डावरचा मोठा केला, तं नुसता काळा डाग आला. तुमच्यापाशी तं इतके दिवस होता तो."

ताईंनी कॅसेट लावली. दुसरी लावली. पुढे पळवली, मागे आणली.

हात. कापूस. हात. दुपट्टा. हात.

शेवटची कॅसेट. पुष्पा माझ्या बोटभर पडद्यावर वाकली. तिच्या श्वासाची वाफ माझ्या काचेवर धरली.

"ताई, त्याले सांगा ना, एक डाव दुपट्टा काढ म्हना. तुमचं ऐकत होता तो."

ताईंनी कॅसेट पुन्हा मागे नेली. पडद्यावर मोतीराम कापूस लोटत राहिला.

मित्रांनो, माणसाचे राबणारे हात जरूर टिपा. पण तो दोन घटका चहाला बसतो ना, तेव्हाही त्याच्याकडे बघा. मला तेवढं बघू दिलं नाही.